इटलीचे एकीकरण आणि वगळलेला समाज : राज्यनिर्मितीपासून नागरिकत्वापर्यंतचा प्रवास (१८६१–१९८१)

सारांश

इटलीचे एकीकरण ही एकोणिसाव्या शतकातील युरोपच्या इतिहासातील एक महत्त्वाची घटना होय. १८६१ मध्ये इटलीचे राज्य अस्तित्वात आले. परंतु या राज्याच्या उभारणीत बहुसंख्य शेतकरी, दक्षिणेकडील जनता व स्त्रिया यांना स्थान नव्हते. राजकीय एकीकरण अल्पावधीत झाले, सामाजिक एकीकरणास मात्र शंभरहून अधिक वर्षे लागली. या दोहोंमधील अंतर हेच आधुनिक इटलीच्या अनेक प्रश्नांचे मूळ आहे, असे प्रतिपादन प्रस्तुत लेखात केले आहे.

बीजशब्द : एकीकरण, मताधिकार, दक्षिणेचा प्रश्न, स्थलांतर, फॅसिझम, प्रजासत्ताक, नागरिकत्व.

प्रस्तावना

इटलीच्या एकीकरणाचा धडा पदवीच्या वर्गात शिकविताना एक वाक्य हमखास येते. मॅझिनी हा इटलीचा आत्मा, काव्हूर हा मेंदू आणि गॅरिबाल्डी ही तलवार. परीक्षेच्या उत्तरपत्रिकांतून हे वाक्य वर्षानुवर्षे भेटत असते. वाक्य लक्षात राहण्यास सोपे आहे आणि ते पूर्णतः चुकीचेही नाही. तथापि आत्मा, मेंदू व तलवार यांची चर्चा होत असताना शरीर कोणते होते, हा प्रश्न सहसा विचारला जात नाही. ज्या सव्वादोन कोटींच्या आसपास लोकांचे राष्ट्र घडले, त्यांचे या घडामोडीत काय झाले? राष्ट्र स्वतंत्र व एकसंध झाल्यानंतर अवघ्या काही दशकांत त्यातील लक्षावधी लोक देश सोडून समुद्रापार का निघून गेले? या प्रश्नांच्या उत्तरांवाचून इटलीचा इतिहास तीन थोर पुरुषांच्या चरित्रांपुरता मर्यादित राहतो.

प्रस्तुत लेखाची उद्दिष्टे पुढीलप्रमाणे आहेत : (१) इटलीच्या एकीकरणाचे स्वरूप व त्याच्या सामाजिक मर्यादा स्पष्ट करणे, (२) या मर्यादांचा दक्षिणेचा प्रश्न, स्थलांतर व फॅसिझम यांच्याशी असलेला संबंध तपासणे, (३) १९४६ नंतरच्या प्रजासत्ताकाने वगळलेल्या समाजघटकांना नागरिकत्वाच्या कक्षेत कसे आणले, याचा आढावा घेणे. लेखाची मांडणी वर्णनात्मक व विश्लेषणात्मक आहे.

१. एकीकरणापूर्वीची इटली

१८१५ च्या व्हिएन्ना परिषदेने इटालियन द्वीपकल्पाची पुन्हा वाटणी केली. वायव्येस पीडमाँट-सार्डिनियाचे राज्य, उत्तरेस ऑस्ट्रियाच्या ताब्यातील लोंबार्डी व व्हेनिशिया, मध्यभागी पार्मा, मोडेना व तस्कनी ही छोटी राज्ये, रोमभोवती पोपची सत्ता आणि दक्षिणेस नेपल्स व सिसिली मिळून बनलेले बूर्बाँ घराण्याचे राज्य अशी ही रचना होती. इटली म्हणजे केवळ एक भौगोलिक संज्ञा आहे, असे ऑस्ट्रियाचा चॅन्सेलर मेटर्निक म्हणत असे. राजनैतिकदृष्ट्या त्याचे म्हणणे खरे होते.

तथापि नेपोलियनच्या काळाने एक बीज पेरले होते. त्याच्या राजवटीत अनेक प्रदेशांना समान कायदे, समान वजनमापे व एकत्रित प्रशासन यांचा अनुभव मिळाला. नेपल्सच्या राज्यात १८०६ मध्ये सरंजामशाही कायद्याने रद्द झाली. परंतु जमीन कसणाऱ्याला मिळाली नाही. ती नव्या जमीनदार वर्गाच्या हाती गेली. ज्या सामायिक जमिनींवर गुरे चारण्याचा व लाकूडफाटा गोळा करण्याचा हक्क गावकऱ्यांना परंपरेने होता, त्याही हळूहळू खासगी मालकीच्या झाल्या. शेतकऱ्याच्या दृष्टीने जुना धनी गेला आणि नवा धनी आला. पुढील शतकभर दक्षिण इटलीत वारंवार उफाळून आलेल्या असंतोषाचे मूळ या जमिनीच्या प्रश्नात आहे.

२. एकीकरणाचे दोन मार्ग

एकीकरणाच्या चळवळीत दोन परस्परविरोधी विचारप्रवाह होते. जिनोव्हा येथे १८०५ मध्ये जन्मलेल्या ज्युसेप्पे मॅझिनीने १८३१ मध्ये 'तरुण इटली' ही संघटना स्थापन केली. प्रजासत्ताक, लोकशिक्षण व जनतेचा उठाव ही त्याच्या विचारांची त्रिसूत्री होती. १८४९ च्या फेब्रुवारीत रोममध्ये स्थापन झालेल्या प्रजासत्ताकाचे नेतृत्व करण्याची संधी त्याला मिळाली. परंतु पोपच्या मदतीस आलेल्या फ्रेंच सैन्याने त्याच वर्षी जुलैमध्ये ते प्रजासत्ताक मोडून काढले.

दुसरा मार्ग पीडमाँटचा पंतप्रधान काव्हूर याचा. राजसत्ता, मुत्सद्देगिरी व परकीय मदत यांच्या बळावर टप्प्याटप्प्याने राज्यविस्तार करणे हे त्याचे धोरण होते. १८५८ मध्ये प्लोंबिएर येथे त्याने फ्रान्सचा सम्राट तिसरा नेपोलियन याच्याशी गुप्त समझोता केला. १८५९ च्या युद्धात लोंबार्डी मिळाली. त्या मोबदल्यात पुढील वर्षी नीस व सव्हॉय फ्रान्सला द्यावे लागले.

मे १८६० मध्ये गॅरिबाल्डी सुमारे एक हजार स्वयंसेवकांसह सिसिलीत मार्साला येथे उतरला, तेव्हा हे दोन्ही मार्ग एकमेकांना भिडले. सिसिलीतील शेतकरी प्रथम त्याच्या बाजूने उभे राहिले, कारण त्याने पिठावरील कर रद्द केला आणि २ जून १८६० च्या हुकूमनाम्याने युद्धात भाग घेणाऱ्यांना सामायिक जमिनीत वाटा देण्याचे वचन दिले. शेतकऱ्यांनी हे वचन शब्दशः घेतले. एटना पर्वताच्या पायथ्याशी असलेल्या ब्रोंटे या गावी ऑगस्टमध्ये जमिनीच्या मागणीवरून रक्तरंजित उठाव झाला. गॅरिबाल्डीचा सेनानी निनो बिक्सिओ याने तो दडपला आणि घाईघाईच्या खटल्यानंतर पाच जणांना गोळ्या घालण्यात आल्या. जे सैन्य मुक्तिदाते म्हणून आले होते, त्याने तीन महिन्यांच्या आत जमीनदारांच्या बाजूने शस्त्र उचलले. इटलीच्या एकीकरणाची मर्यादा या एका प्रसंगात स्पष्ट होते.

सप्टेंबरमध्ये गॅरिबाल्डी नेपल्सला पोहोचला व ऑक्टोबरमध्ये तेआनो येथे त्याने जिंकलेला प्रदेश राजा व्हिक्टर इमॅन्युएल याच्या स्वाधीन केला. १७ मार्च १८६१ रोजी इटलीच्या राज्याची घोषणा झाली. १८६६ मध्ये व्हेनिशिया व १८७० मध्ये रोम या राज्यात सामील झाले.

३. कागदावरचे राष्ट्र

नव्या राज्याच्या राजाने 'दुसरा' व्हिक्टर इमॅन्युएल हेच बिरुद कायम ठेवले. इटलीचा तो पहिलाच राजा होता. परंतु पीडमाँटच्या वंशावळीतील क्रमांक बदलण्याची गरज त्याला वाटली नाही. १८४८ ची पीडमाँटची राज्यघटनाच संपूर्ण देशाला लागू झाली. त्यासाठी संविधान सभा बोलाविण्यात आली नाही. परिणामी, विशेषतः दक्षिणेत, एकीकरणाचा अनुभव पीडमाँटच्या विस्तारासारखा आला.

या संदर्भात दोन आकडे शेजारी ठेवून पाहण्याजोगे आहेत. ऑक्टोबर १८६० मध्ये विलीनीकरणासाठी जे सार्वमत झाले, त्यात सर्व प्रौढ पुरुषांना मत देता आले. नेपल्सच्या मुख्य भूमीवर तेरा लाखांहून अधिक होकारार्थी व सुमारे दहा हजार नकारार्थी मते पडली. होकार व नकार यांसाठी वेगळ्या पेट्या होत्या आणि मतदान सर्वांदेखत होत असे. त्यानंतर अवघ्या तीन महिन्यांनी, जानेवारी १८६१ मध्ये, पहिल्या संसदेची निवडणूक झाली. त्या वेळी मात्र २५ वर्षांवरील, साक्षर व वर्षाला किमान ४० लिरा कर भरणाऱ्या पुरुषांनाच मताधिकार होता. साऱ्या देशात असे मतदार सुमारे ४ लाख १८ हजार, म्हणजे लोकसंख्येच्या दोन टक्क्यांहूनही कमी होते. राज्याला मान्यता देण्यासाठी शेतकऱ्याचे मत हवे होते. राज्य चालविण्यासाठी ते नको होते.

भाषेची स्थितीही याच प्रकारची होती. देशातील सुमारे तीन चतुर्थांश लोक निरक्षर होते आणि दक्षिणेत हे प्रमाण याहून अधिक होते. घरोघरी प्रादेशिक बोली बोलल्या जात. प्रमाण इटालियन भाषा जाणणाऱ्यांचे प्रमाण भाषातज्ज्ञ तुल्लिओ दे माउरो यांनी अडीच टक्के मानले, तर अन्य अभ्यासकांनी ते दहा टक्क्यांच्या जवळपास नेले. कोणताही अंदाज ग्राह्य धरला तरी न्यायालयाची, सैन्याची व शाळेची भाषा बहुसंख्य नागरिकांना परकी होती, हे उघड आहे. इटली घडली, आता इटालियन माणूस घडवायचा आहे, या आशयाचे एक वचन मास्सिमो दाझेलिओ याच्या नावावर सांगितले जाते. त्याच्या शब्दांविषयी मतभेद असले तरी त्यातील निदान अचूक होते.

४. दक्षिणेचा प्रश्न

दक्षिणेतील सामान्य माणसाला नव्या राज्याची ओळख तीन रूपांत झाली : सक्तीची लष्करभरती, करवसुली आणि बंदूकधारी शिपाई. पीडमाँटचे कमी जकातीचे धोरण एकाएकी लागू झाल्याने नेपल्सच्या परिसरातील संरक्षित उद्योगांना स्पर्धा असह्य झाली. चर्चच्या जप्त केलेल्या जमिनी लिलावात निघाल्या व त्या प्रामुख्याने पैसेवाल्या वर्गानेच विकत घेतल्या. गॅरिबाल्डीने सिसिलीत रद्द केलेला पिठावरील कर १८६९ च्या आरंभापासून देशभर लागू करण्यात आला. धान्य दळताना जात्यापाशीच वसूल होणारा हा कर गरिबाच्या भाकरीवरचा कर होता. त्याविरुद्धच्या दंगलींत दोनशेहून अधिक लोक मृत्युमुखी पडले. हा कर १८८४ मध्ये संपुष्टात आला.

१८६१ ते १८६५ या काळात दक्षिणेच्या डोंगराळ भागात सशस्त्र टोळ्यांचा मोठा उठाव झाला. शासनाने त्याला 'दरोडेखोरी' असे नाव दिले. त्यात पदच्युत बूर्बाँ राजाचे समर्थक होते, विसर्जित सैन्यातील शिपाई होते, सराईत लुटारूही होते. परंतु त्यांना मिळणारा आसरा हा जमीन न मिळालेल्या शेतकऱ्यांचा होता. ऑगस्ट १८६३ च्या पिका कायद्याने या प्रदेशांत लष्करी न्यायालये आणली आणि एक लाखाहून अधिक सैन्य तेथे गुंतून पडले. एकीकरणानंतर इटलीने लढलेले पहिले मोठे युद्ध तिच्याच नागरिकांविरुद्ध होते, ही बाब चिंतनीय आहे.

१८७० च्या दशकात पास्क्वाले व्हिल्लारी, लिओपोल्दो फ्रांकेत्ती व सिडनी सोन्निनो या अभ्यासकांनी दक्षिणेतील दारिद्र्य, जमीनदारी व माफियाची सत्ता यांची चिकित्सा केली. यातूनच 'दक्षिणेचा प्रश्न' ही संज्ञा रूढ झाली. परंतु प्रश्न मांडला गेला म्हणजे सुटला असे झाले नाही. १८९० च्या दशकात सिसिलीतील शेतमजूर व गंधकाच्या खाणीतील कामगार संघटित झाले, तेव्हा पंतप्रधान क्रिस्पी याने जानेवारी १८९४ मध्ये लष्कर पाठवून ही चळवळ मोडली. विशेष म्हणजे क्रिस्पी स्वतः सिसिलीचा व गॅरिबाल्डीच्या हजारांपैकी एक होता.

५. स्थलांतर : पायांनी दिलेले मत

ज्यांना मतपेटीपर्यंत पोहोचता आले नाही, त्यांनी बंदराची वाट धरली. १८७६ ते १९१५ या चाळीस वर्षांत सुमारे १ कोटी ४० लाख लोकांच्या स्थलांतराची नोंद झाली. एकट्या १९१३ मध्ये हा आकडा ८ लाख ७० हजारांवर गेला. त्यांतील अनेक जण परत आले, काही पुन्हा गेले. आरंभी उत्तरेकडील प्रांतांतून अधिक लोक गेले. विसाव्या शतकाच्या प्रारंभी दक्षिणेचा वाटा झपाट्याने वाढला. अर्जेंटिना, ब्राझील व अमेरिकेची संयुक्त संस्थाने ही त्यांची मुख्य ठिकाणे होती.

या स्थलांतराने गावे ओस पडली, परंतु काही अनपेक्षित बदलही घडले. परदेशातून येणाऱ्या पैशाने कर्जे फिटली व लहान जमिनी विकत घेतल्या गेल्या. पत्र लिहिता-वाचता यावे म्हणून साक्षरतेची गरज भासू लागली. नवरा परदेशी असलेल्या स्त्रियांवर शेती व व्यवहार यांची जबाबदारी आली. कायदा मात्र त्यांच्या बाजूने नव्हता. १८६५ च्या दिवाणी संहितेनुसार विवाहित स्त्रीला मालमत्तेच्या महत्त्वाच्या व्यवहारांसाठी पतीची संमती आवश्यक होती. ही अट १९१९ मध्ये रद्द झाली.

६. मताधिकाराचा विस्तार आणि उदारमतवादी राज्याची कोंडी

राज्यकर्त्या वर्गाने दरवाजे उघडले, पण फार सावकाश. १८८२ च्या सुधारणेने मतदारांचे प्रमाण लोकसंख्येच्या सुमारे सात टक्क्यांवर गेले. जिओव्हान्नी जिओलित्ती याच्या काळात, १९१२ मध्ये, जवळजवळ सर्व प्रौढ पुरुषांना मताधिकार मिळाला व मतदारसंख्या सुमारे ८६ लाखांवर पोहोचली. याच काळात मिलान, तुरीन व जिनोव्हा या शहरांच्या त्रिकोणात आधुनिक उद्योग उभे राहिले. फियाट कंपनीची स्थापना १८९९ मध्ये झाली. समाजवादी पक्ष १८९२ मध्ये स्थापन झाला होता. दुसरीकडे, रोम गमावल्याने रुष्ट झालेल्या पोपने कॅथलिकांना राष्ट्रीय निवडणुकांपासून दूर राहण्यास सांगितले होते. हा निर्बंध विसाव्या शतकात क्रमाने सैल झाला व १९१९ मध्ये लुइजी स्तुर्झो या धर्मगुरूच्या नेतृत्वाखाली लोकपक्ष स्थापन झाला.

शेतकरी, कामगार व कॅथलिक या तिन्ही समूहांना राजकारणात आणण्याची प्रक्रिया सुरू होत असतानाच पहिले महायुद्ध आले. मे १९१५ मध्ये संसदेतील बहुसंख्य सदस्य अनुत्सुक असतानाही इटली युद्धात उतरली. सुमारे सहा लाख सैनिक प्राणास मुकले. त्यांतील बहुसंख्य शेतकरी होते. ऑक्टोबर १९१७ मधील कापोरेत्तोच्या पराभवानंतर त्यांना पुन्हा एकदा जमिनीचे वचन देण्यात आले. १८६० चीच ही पुनरावृत्ती होती.

७. फॅसिझमचा उदय

युद्धानंतर १९१९ व १९२० ही दोन वर्षे संप, जमिनींचा ताबा व कारखान्यांचा ताबा यांनी गाजली. मार्च १९१९ मध्ये मिलान येथे मुसोलिनीने स्थापन केलेली संघटना आरंभी नगण्य होती. पो नदीच्या खोऱ्यातील जमीनदारांनी शेतमजूर संघटना मोडण्यासाठी तिच्या टोळ्यांना पैसा पुरविला, तेव्हा ती वाढली. १९२१ च्या निवडणुकीत तिला ३५ जागा मिळाल्या. ऑक्टोबर १९२२ मध्ये तिने रोमवर मोर्चा नेला, तेव्हा आणीबाणीच्या आदेशावर सही करण्यास राजा तिसरा व्हिक्टर इमॅन्युएल याने नकार दिला व मुसोलिनीस पंतप्रधानपदी बोलाविले. सत्ता रस्त्यावर जिंकली गेली, या समजापेक्षा ती राजवाड्यातून सुपूर्द केली गेली, हे म्हणणे अधिक यथार्थ ठरेल.

१९२३ च्या ॲचेर्बो कायद्याने पंचवीस टक्के मते मिळविणाऱ्या सर्वांत मोठ्या यादीस दोन तृतीयांश जागा देण्याची तरतूद केली. निवडणुकीतील हिंसाचार संसदेत मांडणारे समाजवादी नेते ज्याकोमो मत्तेओत्ती यांचा १० जून १९२४ रोजी खून झाला. १९२६ पर्यंत विरोधी पक्ष बेकायदेशीर ठरले. १९२९ च्या लॅटरन कराराने चर्चशी तडजोड झाली. १९३८ मध्ये ज्यूंविरोधी वांशिक कायदे आले.

या कालखंडातील एक प्रसंग शिक्षकी पेशातील प्रत्येकाने ध्यानात ठेवावा असा आहे. १९३१ मध्ये विद्यापीठीय प्राध्यापकांना राजवटीशी निष्ठेची शपथ घेणे सक्तीचे करण्यात आले. सुमारे बाराशे प्राध्यापकांपैकी जेमतेम डझनभरांनी नकार दिला व आपली पदे गमावली. उर्वरितांपैकी सर्वच फॅसिस्ट होते असे नाही. काहींना चरितार्थाची चिंता होती, काहींना विद्यार्थ्यांना वाऱ्यावर सोडायचे नव्हते. परंतु हुकूमशाही स्थिर होण्यास कट्टर समर्थकांइतकीच समजूतदार माणसांची सही उपयोगी पडते, हा धडा त्यातून मिळतो.

दक्षिणेतील खेड्याच्या जीवनात मात्र या राजवटीनेही मूलभूत फरक केला नाही. फॅसिस्टविरोधी कार्यामुळे १९३५ मध्ये लुकानिया प्रांतात स्थानबद्ध केले गेलेले चित्रकार व डॉक्टर कार्लो लेव्ही यांनी १९४५ मध्ये प्रसिद्ध केलेल्या आपल्या पुस्तकाचे शीर्षकच असे दिले, की ख्रिस्त एबोली या गावापाशीच थांबला. त्यापुढे तो आलाच नाही. तेथील शेतकऱ्यांच्या दृष्टीने रोममधील प्रत्येक सरकार सारखेच दूर होते.

८. प्रतिकार आणि प्रजासत्ताक

जुलै १९४३ मध्ये मुसोलिनी पदच्युत झाला व ८ सप्टेंबर रोजी युद्धविराम जाहीर झाला. उत्तर व मध्य इटली जर्मन सैन्याच्या ताब्यात गेली आणि तेथे वीस महिने प्रतिकारयुद्ध चालले. त्यात कम्युनिस्ट, समाजवादी, कॅथलिक व उदारमतवादी असे सर्व प्रवाह एकत्र लढले आणि स्त्रियांचाही मोठा सहभाग होता. या भूमीवर भारतीय सैनिकही लढले, हे येथे नमूद केले पाहिजे. मराठा लाइट इन्फन्ट्रीचे नाईक यशवंत घाडगे यांना जुलै १९४४ मध्ये टायबर नदीच्या वरच्या खोऱ्यातील लढाईत वीरमरण आले व मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. त्याच रेजिमेंटचे शिपाई नामदेव जाधव यांना एप्रिल १९४५ मधील सेनिओ नदीवरील पराक्रमाबद्दल हाच सन्मान लाभला. जे स्वातंत्र्य त्यांच्या स्वतःच्या देशाला अद्याप मिळाले नव्हते, त्यासाठी महाराष्ट्रातील शेतकऱ्यांची मुले इटलीत लढली.

फेब्रुवारी १९४५ च्या हुकूमनाम्याने स्त्रियांना मताधिकार मिळाला. २ जून १९४६ रोजी राजेशाही की प्रजासत्ताक या प्रश्नावर सार्वमत झाले. प्रजासत्ताकाच्या बाजूने सुमारे १ कोटी २७ लाख व राजेशाहीच्या बाजूने १ कोटी ७ लाख मते पडली. उत्तरेने प्रजासत्ताक निवडले, तर दक्षिणेने बहुमताने राजेशाहीस कौल दिला. १८६१ ची दरी अद्याप बुजलेली नव्हती, याचा हा पुरावाच होय. मात्र या वेळी दोन्ही बाजूंची मते मोजली गेली.

त्याच दिवशी निवडलेल्या संविधान सभेत ५५६ सदस्यांपैकी २१ स्त्रिया होत्या. १ जानेवारी १९४८ रोजी अमलात आलेल्या संविधानाचे पहिले कलम इटलीला श्रमावर आधारलेले लोकशाही प्रजासत्ताक म्हणते. तिसरे कलम कायद्यापुढील समानतेवर थांबत नाही. प्रत्यक्षातील समानतेच्या आड येणारे आर्थिक व सामाजिक अडथळे दूर करणे हे राज्याचे कर्तव्य ठरविते. समानतेच्या तरतुदीत लिंगभेदाचा स्पष्ट उल्लेख यावा, यासाठी लीना मर्लिन यांनी आग्रह धरला होता. एकीकरणाच्या वेळी जी संविधान सभा बोलाविलीच गेली नाही, तिचे काम अशा रीतीने ८७ वर्षांनी झाले.

९. कागदाकडून जीवनाकडे (१९५०–१९८१)

संविधानातील शब्द प्रत्यक्षात उतरण्यासही संघर्ष करावा लागला. ऑक्टोबर १९४९ मध्ये कालाब्रियातील मेलिस्सा येथे पडीक जमिनीचा ताबा घेणाऱ्या शेतकऱ्यांवर पोलिसांनी गोळीबार केला व तिघे ठार झाले. पुढील वर्षी जमीनसुधारणेचे कायदे झाले. सुमारे सात लाख हेक्टर जमीन ताब्यात घेऊन एक लाखाहून अधिक कुटुंबांना वाटण्यात आली. त्याच वर्षी दक्षिणेच्या विकासासाठी विशेष निधी स्थापन झाला. परंतु मिळालेले तुकडे लहान होते आणि तोवर उत्तरेतील कारखाने मजूर मागत होते.

१९५८ ते १९६३ या 'आर्थिक चमत्कारा'च्या वर्षांत लक्षावधी दक्षिणी लोक तुरीन व मिलानकडे गेले. तेथे दक्षिणेकडील लोकांना घर भाड्याने मिळणार नाही, अशा पाट्या त्यांनी वाचल्या. त्याहून विलक्षण बाब म्हणजे शहराकडे होणारे स्थलांतर रोखणारा फॅसिस्ट राजवटीचा १९३९ चा कायदा १९६१ पर्यंत अस्तित्वात होता. नोकरी असल्याशिवाय वास्तव्याची नोंद नाही व नोंद असल्याशिवाय नोकरी नाही, अशा चक्रात सापडलेला माणूस आपल्याच देशात बेकायदेशीर रहिवासी ठरत असे.

भाषेची दरी मिटविण्याचे काम शाळा व दूरचित्रवाणी यांनी मिळून केले. १९६० ते १९६८ या काळात शिक्षक अल्बेर्तो मान्झी यांनी दूरचित्रवाणीवरून निरक्षर प्रौढांना अक्षरओळख करून दिली. गावातील सामुदायिक संचासमोर बसून वृद्ध माणसे प्रथमच आपले नाव लिहावयास शिकली. १९६२ च्या अखेरच्या कायद्याने सर्व मुलांसाठी एकच माध्यमिक शाळा सुरू झाली. तोवर श्रमिकांच्या मुलांची वाट अकराव्या वर्षीच वेगळी होत असे.

१९७० चे दशक हिंसाचारासाठी स्मरणात आहे. १९६९ च्या डिसेंबरमधील मिलानच्या बॉम्बस्फोटापासून १९७८ मधील माजी पंतप्रधान आल्दो मोरो यांच्या हत्येपर्यंतचा काळ राज्याची कसोटी पाहणारा होता. परंतु याच दशकात सर्वाधिक सामाजिक सुधारणा झाल्या : १९७० मध्ये कामगार हक्कांचा कायदा व घटस्फोटाचा कायदा, १९७५ मध्ये पतिपत्नींस समान दर्जा देणारा कुटुंब कायदा, १९७८ मध्ये राष्ट्रीय आरोग्यसेवा, गर्भपाताचा कायदा आणि मनोरुग्णालये बंद करण्याची दिशा देणारा बसालिया कायदा. १९७४ च्या सार्वमतात ५९ टक्क्यांहून अधिक मतदारांनी घटस्फोटाचा कायदा कायम ठेवला. सिसिलीनेही अल्प बहुमताने हाच कौल दिला.

या परिवर्तनामागे सामान्य व्यक्तींचे धैर्य होते. सिसिलीतील आल्कामो येथील फ्रांका व्हिओला या तरुणीचे डिसेंबर १९६५ मध्ये अपहरण व तिच्यावर अत्याचार झाला. अत्याचार करणाऱ्याने पीडितेशी विवाह केल्यास गुन्हा माफ होण्याची तरतूद तेव्हा दंडसंहितेत होती आणि समाजाचीही तीच अपेक्षा होती. तिने व तिच्या शेतकरी वडिलांनी नकार देऊन खटला लढविला. आरोपीस शिक्षा झाली. ती तरतूद रद्द होण्यास १९८१ साल उजाडले.

१०. इटलीचे भारतीय वाचन

इटलीच्या या इतिहासाशी मराठी वाचकाचा संबंध जुना आहे. वि. दा. सावरकर यांनी केलेला मॅझिनीच्या आत्मचरित्राचा व राजकीय लेखनाचा मराठी अनुवाद १९०७ मध्ये प्रसिद्ध झाला व पुढे ब्रिटिश सरकारने त्यावर बंदी घातली. त्या पिढीस मॅझिनीत गुप्त संघटना, त्याग व परकीय सत्तेविरुद्धचा लढा दिसला. दोनच वर्षांनी, १९०९ मध्ये, गांधीजींनी 'हिंद स्वराज्य'मध्ये इटलीवर स्वतंत्र प्रकरण लिहिले व वेगळा प्रश्न विचारला : ऑस्ट्रियन गेले, पण इटलीच्या श्रमिकांना काय मिळाले? मॅझिनीची इटली अद्याप घडावयाची आहे, असा त्यांचा निष्कर्ष होता.

विशेष म्हणजे इटलीतही हाच प्रश्न अंतोनिओ ग्राम्शी याने मुसोलिनीच्या तुरुंगात लिहिलेल्या वह्यांतून मांडला. लोकशाहीवादी पक्षाने जमिनीचा प्रश्न हाती घेऊन शेतकऱ्यांना सोबत घेतले नाही, म्हणून एकीकरण ही वरून घडलेली 'निष्क्रिय क्रांती' ठरली, असे त्याचे विश्लेषण आहे. भिन्न विचारांचे हे दोन अभ्यासक एकाच दुखण्यावर बोट ठेवतात, ही बाब लक्षणीय होय.

समारोप

उपरोक्त विवेचनावरून पुढील निष्कर्ष काढता येतात. पहिला, इटलीचे राजकीय एकीकरण व सामाजिक एकीकरण या दोन वेगळ्या प्रक्रिया होत्या आणि त्यांच्यात शतकाहून अधिक अंतर पडले. दुसरा, या अंतराची किंमत स्थलांतर, दडपशाही व अखेर फॅसिझम या रूपांत चुकवावी लागली. फॅसिझमची कारणे अनेक असली तरी जनतेस सहभागी करून घेण्यास कचरलेली राज्यव्यवस्था हे त्यांतील एक प्रमुख कारण होय. तिसरा, प्रजासत्ताकाचे संविधान हा प्रवासाचा शेवट नव्हता. जमीन, शाळा, कारखाना व कुटुंब या प्रत्येक ठिकाणी नागरिकत्व पुन्हा मिळवावे लागले.

हा प्रश्न आजही संपलेला नाही. ऑगस्ट १९९१ मध्ये सुमारे वीस हजार अल्बेनियन लोकांना घेऊन 'व्लोरा' हे जहाज बारीच्या बंदरात आले, तेव्हा माणसे पाठविणारा देश आता माणसे येणारा देश झाला आहे, हे सर्वांस दिसून आले. जून २०२५ मध्ये परदेशी रहिवाशांना नागरिकत्वासाठी लागणारी दहा वर्षांची मुदत पाच वर्षांवर आणण्याचा प्रस्ताव सार्वमतास आला. परंतु आवश्यक मतदान न झाल्याने तो अमान्य ठरला. राष्ट्र कोणाचे, या १८६१ च्या प्रश्नास आता नव्या माणसांच्या संदर्भात उत्तर द्यावयाचे आहे.

आत्मा, मेंदू व तलवार यांचे वाक्य विद्यार्थ्यांनी खुशाल लिहावे. मात्र त्यापुढे ब्रोंटेच्या शेतकऱ्याविषयी एक ओळ जरी लिहिली गेली, तरी इटलीचा इतिहास शिकविल्याचे सार्थक झाले असे म्हणता येईल.